दर रविवारी माझ्या दारावरून जाणारं गाणं

भादव्याची पुनव झाली. समोरच्या घरातल्या पोरींनी टिपऱ्या बाहेर काढल्या, त्यांची टकटक माझ्या दुकानापर्यंत आली, आणि मला राग आला. पोरींचा नाही. पोरींनी माझं काय केलंय? भुलाबाईचाही नाही. ती दर वर्षी या पुनवेला माहेरी येते, कोजागिरीपर्यंत महिनाभर राहते, पोरींची गाणी ऐकते, खाऊ खाते आणि परत जाते. तिच्या येण्याजाण्यात काही खोट नाही. पण या वर्षी ती आमच्या घरी आली नाही, कारण तिला बसवणारी पौषात गेली. कोपरा रिकामा आहे. तो रिकामा दिसू नये म्हणून मी तिथे तेलाचे जुने डबे एकावर एक लावून ठेवले. तरी रिकामाच दिसतो.

मी टिनकाम करणारा माणूस. धान्याच्या कोठ्या, चाळण्या, डबे, पन्हाळ्या. शाळा चौथीपर्यंत. बोलून काही झालं नाही म्हणून लिहायला बसलो आहे, आणि रागात बसलो आहे. अक्षर वाकडं आलं तर वाचणाऱ्याने मान वाकडी करावी.

आमच्या वाशीम जिल्ह्यात हे दिवस सोयाबीनचे. रिसोडकडून ट्रॉल्या येतात, शेतात मळणीचे हडंबे घरघरतात, धूळ अशी उडते की कॉलर आणि मान यांच्यात दिवसभर भांडण चालतं. कोठीचा तळ गंजला, डब्याचं झाकण ढिलं झालं, असं घेऊन माणसं दुकानात येतात. दिवसभर हातोडी. आधीच्या वर्षांत मी संध्याकाळी हातपाय धुऊन घरी आलो की दारातच पोरींच्या चपलांचा ढीग. दहा-बारा पोरी. आत ज्वारीच्या पाच धांड्यांचा मखर, त्यात मातीचा भुलोजी, मातीची भुलाबाई, मांडीवर गणपती. ओल्या धांड्यांचा हिरवा वास घरभर. मी बाहेर ओट्यावर बसायचो. आत गाणी चालायची. पोरी गात असल्या तरी ओढणारा आवाज एकच, आमच्या घरच्या बुढीचा. तेव्हा ती म्हातारी नव्हती, पण आमच्याकडे बायकोला बुढी म्हणायला तिने म्हातारं व्हायची वाट बघत नाहीत.

गाणी संपली की खाऊ ओळखायचा. डबा बंद असतो. घरची बाई तो कानाजवळ हलवते, पोरी आवाजावरून सांगतात. फुटाणे! शेंगदाणे! मुरमुरे! ओळखलं नाही तोवर डबा उघडत नाही. सगळ्या गल्लीत आमच्या घरचा खाऊ ओळखणं सगळ्यात कठीण. पोरी झाकणाला नाक लावायच्या, डब्याला कान लावायच्या, रडकुंडीला यायच्या. कारण मी आता सांगतो, आता सांगायला हरकत नाही. तो डबा मी केला होता. त्याला दोन तळ होते. दोन्हींच्या मधे चिंध्या ठासून भरल्या होत्या, झाकणालाही आतून तसंच. त्यात खडे टाकले तरी कापसात पडल्यासारखे वाजायचे. ही चोरी आम्हा दोघांनाच माहीत. पोरी हरल्या की बुढी दाराआडून माझ्याकडे बघायची आणि पदर तोंडात धरायची. नवरा-बायकोची अशी एखादी चोरी असावी. बाकी संसारात दाखवण्यासारखं आमच्याजवळ काही नव्हतं.

आता रविवारचं सांगतो.

आठ-नऊ वर्षांपूर्वी आमच्या गावात एका सिरियलचं शूटिंग झालं. तिचं नाव मी इथे घेणार नाही. त्यांनी आमच्या नावांचं काय केलं ते पुढे वाचा, मग म्हणाल, बरं केलं म्हाताऱ्याने. सिरियल खूप चालली. संपली तरी लोक मोबाइलवर बघतच राहिले. दोन वर्षांपासून तर लोक गाव बघायला येतात. अकोल्याचे, हिंगोलीचे, पुण्याचे पण. रविवारी सकाळी तळ्याच्या पायऱ्यांवर जमतात आणि पायी निघतात. तळ्यावर हिरोने हिरोइनला बुडता बुडता वाचवलं. मग जुनी शाळा, ती सिरियलमध्ये कचेरी होती. मग हळदीचं दुकान, तिथे दोघांची पहिली नजरानजर. मग आमची गल्ली, आणि गल्लीत माझं घर. माझं घर म्हणजे हिरोइनचं सासर.

लोकांना घेऊन फिरते ती वैशाली. आमच्याच गल्लीतल्या शिंप्याची मुलगी. लग्न होऊन दोन गल्ल्या पलीकडे दिली आहे. गळ्यात छोटा स्पीकर, हातात पिवळी छत्री, आणि तोंडात सिरियलमधल्यासारखी गुळगुळीत भाषा. "आणि इथे, या ओट्यावर, आपल्या नायिकेने पहिल्यांदा अश्रू ढाळले." ओटा माझा. तो बुढीने शेणाने सारवला, मी फरशी बसवली, पावसात सटकून त्याच्यावर माझा गुडघा फुटला. अश्रू तिथे खूप पडले आहेत. त्यांच्यासाठी कोणी छत्री उघडली नाही.

शूटिंगवाल्यांनी माझं दार निळं केलं होतं आणि जाताना तसंच ठेवलं. मागच्या वर्षी मी त्याला चॉकलेटी रंग मारला. पुढच्या रविवारी पांढऱ्या टोपीतला एक माणूस दारासमोर उभा राहून मलाच म्हणतो, "काका, दार निळं होतं ना? बदललं कशाला? इतक्या लांबून आलो आम्ही."

"दार माह्यं हाय म्हणून बदललं," मी म्हणालो.

"पण ओरिजनल निळं होतं."

"ओरिजनल चॉकलेटीच होतं बाप्पा. तुमचा जन्म निळ्यानंतर झाला, त्याले मी काय करू?"

लोक हसले. वैशालीही हसली. मी हसलो नाही.

त्याहून वाईट पुढे आहे. सिरियलमध्ये हिरोइनची सासू मरते. ती आमच्या समोरच्या खोलीत, आमच्या बाजेवर मरते. तीन दिवस मरत होती ती बाई. मधेमधे उठून चहा प्यायची. आता पौषात माझी बायको त्याच खोलीत, त्याच बाजेवर गेली. दुपारी गेली. पाणी मागितलं, मी आणेपर्यंत गेली. तांब्या हातात घेऊन मी किती वेळ उभा होतो मला माहीत नाही. आणि फाल्गुनात एका रविवारी मी त्या बाजेवर बसलो होतो, तर खिडकीच्या गजांतून पंधरा डोकी आत बघत होती आणि वैशाली सांगत होती, "याच बाजेवर आईसाहेबांनी प्राण सोडला." एक पुण्याची बाई चक्क रुमालाने डोळे पुसायला लागली.

मी खिडकीशी गेलो. म्हणालो, "बाई, रडू नोका. थे मेली नाई. दुसऱ्या सिरियलमधी जिती हाय, नवी सून छळून राह्यली. मेली थे दुसरीच. थे खरी मेली."

बाई म्हणाली, "किती गोड बोलतात हे काका!" आणि माझ्यासोबत फोटो काढला.

पुण्यात माझा मुलगा असतो, सदाशिव. त्याला फोनवर सांगितलं तर म्हणाला, "बाबा, येऊ द्या ना लोकांना. गल्लीचं नाव होतं." गल्लीचं नाव होतं. बरोबर. गल्लीचं होतं.

तुम्ही म्हणाल, इतका राग आहे तर हाकलून का देत नाही? घर तुमचं, ओटा तुमचा. काठी घेऊन उभे राहा. खरंय. मी उभा राहिलो आहे. एकदा नाही, चारदा. शिव्या तोंडात तयार असतात. पण ते लोक ओट्याशी आले की वैशाली गळ्यातल्या स्पीकरचं बटण दाबते. गाणं लागतं. भुलाबाईचं. सिरियलमध्ये हिरोइन आमच्या अंगणात पोरींसोबत भुलाबाई खेळते, तेव्हाचं. आणि वैशाली सांगते, "ऐका, हा आपल्या नायिकेचा आवाज."

तो आवाज नायिकेचा नाही. तो आमच्या बुढीचा आहे.

शिवी तोंडातच राहते. गाणं संपेपर्यंत मी तोंड उघडत नाही. गाणं संपतं, लोक पुढे जातात, आणि मी काठी घेऊन रिकाम्या गल्लीत उभा. माझ्याकडे बटणांचा साधा फोन. घरात तिचा आवाज दुसरीकडे कुठेच नाही. लग्नाचा एक फोटो आहे, त्यात तिने मान खाली घातली आहे. एवढंच. आठवड्यातून एकदा, रविवारी, साडेदहाच्या सुमाराला, माझी मेलेली बायको दुसऱ्या बाईच्या नावाने माझ्या दारावरून गात जाते. हाकलू कोणाला?

ती होती तेव्हा मला याचं काही वाटत नव्हतं, हेही लिहून टाकतो. तेव्हा ती चुलीशी भाकरी थापत असायची आणि बाहेर गाणं लागलं की म्हणायची, "आयका जी, मी रस्त्यानं हिंडून राह्यली. घरची कामं कोन करन आता?" आणि स्वतःच हसायची. आवाज आत होता तोवर बाहेरचा कोणाच्याही नावाने जावो, मला काय होतं त्याचं.

शूटिंग झालं तेव्हा चैत होता. रस्त्याचं डांबर चपलेला चिकटत होतं. आणि यांना भुलाबाई पाहिजे. बुढीने कमरेवर हात ठेवून विचारलं, "चैतात भुलाबाई कुठी असते? थे सासरी हाय आता."

त्यांचा डायरेक्टर साहेब म्हणाला, "मावशी, सिरियलमध्ये भाद्रपद आहे."

"तुमच्या सिरियलमधी असन. थिले कोन सांगन?"

थर्माकोलची भुलाबाई आणली होती त्यांनी. बुढी तिच्यासमोर बसायला तयार होईना. शेवटी दुपारभर बसून तिने स्वतः माती मळली आणि मूर्ती केली. ज्वारीची हिरवी धांडी चैतात मिळणार नाहीत म्हणून उसाचे हिरवे शेंडे बांधले. टँकर आणून पत्र्यांवर पाऊस पाडला. गल्ली बादल्या घेऊन आली, कारण आठ दिवसांनी पाणी बघत होती. हिरोइन चांगली पोर होती, तिच्याबद्दल माझी तक्रार नाही. फक्त तिला गाणं जमेना. आमची भाषा तिच्या तोंडात गरम भाकरीसारखी इकडून तिकडे फिरायची. म्हणून साहेबाने ठरवलं की आवाज मावशींचाच घ्यायचा, हिरोइन नुसती ओठ हलवेल. बुढीला बाजेवर बसवलं, तोंडासमोर माइक धरला. अंगणातली सगळी माणसं चुप. कोंबडीलाही टोपलीखाली कोंबलं होतं.

त्या गाण्यात एक जागा आहे. अंगण कोणाचं, असं पोरी विचारतात, आणि गाणाऱ्या लग्न झालेल्या बाईने तिथे आपल्या नवऱ्याचं नाव घालायचं. एरवी आमच्या बायका नवऱ्याचं नाव घेत नाहीत. गाण्यात चालतं. त्यासाठीच ती जागा ठेवली असावी. सिरियलमधल्या नवऱ्याचं नाव शौनक. साहेबाने समजावून सांगितलं, "मावशी, इथे शौनकराव म्हणायचं." बुढीने मान हलवली. गाणं सुरू झालं. जागा आली. बुढीने म्हटलं, तुळशीरामजी.

मी तुळशीराम.

"कट. मावशी, शौनकराव."

"हो हो."

पुन्हा गाणं. पुन्हा तुळशीरामजी. गल्ली भिंतीवर बसून बघत होती, ती खदखदली. तिसऱ्यांदा साहेबाने कागदावर मोठ्या अक्षरात लिहून कागद धरला. बुढी म्हणाली, "बाप्पा, मले वाचता येत नाई. आन येत असतं तरी माह्या तोंडून नाई निघत. अंगन ज्याचं हाय त्याचंच नाव निघन ना?"

आता मी काय केलं ते सांगतो. मी भर अंगणात तिच्यावर ओरडलो. सगळी गल्ली, साहेब, हिरोइन, सगळ्यांसमोर. "नाटक हाय थे! घे ना त्याचं नाव! तुह्यं काय जाते? मोठ्या लोकाईचा टाइम कायले खराब करून राह्यली?"

तिने माझ्याकडे पाहिलं. डोक्यावरचा पदर सारखा केला, माइककडे तोंड केलं, आणि चौथ्यांदा गायली. पहिल्या तीन वेळांपेक्षा चांगली गायली. आणि जागा आली तेव्हा तुळशीरामजी म्हणाली, असं की पलीकडच्या गल्लीत ऐकू जावं.

साहेबाने हात जोडले. म्हणाला, "राहू द्या, नंतर बघू." नंतर बघितलं त्यांनी. टीव्हीवर गाणं आलं तेव्हा सगळं बुढीच्या आवाजात, आणि त्या जागी मधेच कोणीतरी दुसरीच बाई पटकन येते, शौनकराव म्हणते आणि निघून जाते. चांगल्या डब्याला कोणी डांबराचं ठिगळ लावावं तसं. टिनकाम करणाऱ्याला जोड कळतो. बाकीच्यांना कळत नाही. दर रविवारी लोक त्या जागीही माना डोलावतात. माझं नाव तिथे होतं. चार वेळा होतं. शिव्या खाऊन तिने ते ठेवलं होतं.

गेल्या रविवारी मला राहवलं नाही. पुनवेनंतरचा पहिलाच रविवार. गाणं संपलं, वैशालीने सवयीने सांगितलं, "तर असा हा आपल्या नायिकेचा गोड आवाज," आणि मी ओट्यावरून खाली उतरलो.

"वैशे, इकडं ये."

ती लोकांना हळदीच्या गोष्टीत गुंतवून बाजूला आली. "काय झालं काका?"

"तुले माईत नाई थो आवाज कोनाचा हाय?"

तिने स्पीकरवर हात ठेवला.

"आठ वर्षं माह्या घरी भुलाबाई खेळली तू. नाक झाकनाले लावून लावून लाल करत होती. थिनं तुले दुप्पट खाऊ देल्ला दर वर्षी. आन तू थिचा आवाज दुसऱ्या बाईच्या नावावर इकून राह्यली? लाज नाई वाटत?"

मी ओरडत होतो. लोक वळून बघायला लागले. कोणीतरी मोबाइल वर केला. तिचे डोळे भरले, पण वैशाली शिंप्याची पोर आहे, तिच्या बापाची कात्री मी पाहिली आहे. ती हळू आवाजात म्हणाली, "काका, मी होती ना त्या दिवशी भितीवर बसून. वहीवाला आला होता तुमच्याकडं. आठोते काय?"

मला आठवत होतं. मी एवढा वेळ लिहिलं आणि ते लिहिलं नाही, कारण ते सगळ्यात शेवटी लिहायचं होतं, किंवा लिहायचंच नव्हतं.

शूटिंग संपलं त्या दिवशी साहेबाचा माणूस वही घेऊन माझ्याजवळ आला. म्हणाला, "मावशींचं पूर्ण नाव सांगा काका, गायिका म्हणून टीव्हीवर लावतो." आणि मी म्हणालो, "घरच्या बाईचं नाव टीव्हीवर कायले? लावाचंच असन तं माह्यं लावा." त्याने लावलं. विशेष आभार म्हणून माझं पूर्ण नाव, आडनावासकट, शेवटी सरसर वर जाणाऱ्या नावांत. मी महिनाभर गिऱ्हाइकांना सांगत होतो. बुढी आतून ऐकत होती. भाकरीचा आवाज थांबत नव्हता, म्हणून मला वाटलं तिला काही वाटलं नाही.

वैशाली म्हणाली, "तुमीच नाई म्हणले, काका. मंग मी कोनत्या तोंडानं घेऊ? आन मले एक सांगा. तुमी तरी घेतलं काय कधी काकूचं नाव? आता भांडून राह्यले तं थिचा, तिचा, बुढीचा. नाव घ्या ना."

मी तिथे उभा राहिलो. ती डोळे पुसून लोकांकडे गेली आणि छत्री उघडून चालायला लागली.

राग आला. खूप आला. कालची पोर मला शिकवते. दुकानात जाऊन मी दिवसभर हातोडी चालवली. रविवारी दुकान बंद असतं तरी चालवली. एक कोठी सरळ करता करता तिला भोक पाडलं.

पन्नास वर्षं. पहिली दोन-तीन वर्षं मी तिला हाकच मारत नव्हतो, खाकरत होतो. मग "अवो" म्हणायला लागलो. पोरगं झालं, मग सदूची माय. मग बुढी. तिला माझं नाव घ्यायला गाण्यात एक जागा तरी होती. मला तर कोणी अडवलंच नव्हतं. पण गल्लीत कोणता माणूस बायकोला नावाने हाक मारतो? माझ्या बापाने मारली नाही. शेजाऱ्याने मारली तर लोक हसले असते.

तिच्या आजारात एकदा अकोल्याला नेलं होतं. दवाखान्यात बाकावर बसलो होतो. नर्स दारात आली, एक नाव पुकारलं. कोणी उठलं नाही. दुसऱ्यांदा पुकारलं. मी इकडेतिकडे बघतो, कोण आहे ही बाई, ऐकू येत नाही का हिला. तिसऱ्यांदा पुकारून नर्स आत गेली आणि दुसऱ्याचा नंबर लागला. ग्लानीत डोळे मिटून बसलेली बुढी थोड्या वेळाने म्हणाली, "जी, थे मले तं नोती बोलावत?" तिला स्वतःलाही पुरतं ओळखू आलं नव्हतं. आम्ही अजून दोन तास बसलो. ती हसत होती. म्हणाली, "चांगला डबा केला तुमी माह्या नावाचा. हालवला तरी वाजत नाई." मीही हसलो होतो तेव्हा. किती मोठा गाढव.

आठवडा गेला. रोज संध्याकाळी समोरच्या घरात टिपऱ्या वाजल्या. दुकानात एकटा असताना मी ते नाव म्हणून पाहिलं. चोरी केल्यासारखं वाटतं. मान वर करून बघतो, कोणी ऐकलं तर नाही.

आज रविवार. सकाळी आंघोळ केली, धुतलेला सदरा घातला आणि साडेदहाच्या आधीच ओट्यावर जाऊन बसलो. काठी घेतली नाही. वैशाली गल्लीत वळली. मला बघून तिची पिवळी छत्री जरा खाली झाली. वीसेक लोक होते. ती म्हणाली, "आणि हा ओटा..." आणि पुढचं अश्रूंचं वाक्य गिळलं. बटण दाबलं.

बुढी गायला लागली. अंगण कोणाचं, इथपर्यंत आली. आणि वैशालीने बटण बंद केलं. शौनकरावच्या आधी, बरोब्बर जोडावर. नुसती माझ्याकडे बघत उभी राहिली. वीस लोक माझ्याकडे बघायला लागले. एक जाड चष्म्याची बाई म्हणाली, "काय झालं? बॅटरी गेली का?"

मी उभा राहिलो. म्हणालो, "हा आवाज हिरोइनचा नाई."

"मग कोणाचा?"

"माह्या..." म्हणालो आणि अडकलो. माह्या घरचीचा म्हणणार होतो. वैशालीची नजर हलली नाही.

"वच्छलाचा," मी म्हणालो. "वच्छलाबाईचा हाय."

चष्म्याची बाई शेजारणीला विचारते, "वच्छला कोण गं? सिरियलमध्ये कोणतं काम होतं तिचं?"

मला पुन्हा राग आला, आणि बरं वाटलं की आला. "सिरियलमधी नोती थे," मी ओरडून सांगितलं. "ह्या घरात होती. पन्नास वर्षं. आन त्या जागी शौनकराव नाई म्हनलं थिनं, चार वेळा नाई म्हनलं. कान देऊन आयका, तिथं दुसरी बाई येते."

वैशालीने बटण दाबलं. दुसरी बाई आली, शौनकराव म्हणाली आणि गेली. वीस माना एकदम वर झाल्या. त्यांना जोड कळला. मग वच्छला पुढचं गायला लागली. वैशाली लोकांना घेऊन निघाली, आणि गल्लीच्या वळणापर्यंत मला ती गाताना ऐकू येत होती.

माझा राग गेलेला नाही. त्यातला किती सिरियलवर आहे आणि किती माझ्यावर, ते आता मला माहीत आहे.

वळणावर आवाज बंद झाला. मी आत आलो. डबे लावलेल्या कोपऱ्यासमोर उभा राहिलो आणि मोठ्याने हाक मारली, "वच्छला."

पन्नास वर्षांत कधी मारली असती तर आतून आलं असतं, "काय जी?"

मी एकेक करून डबे खाली उतरवले आणि कोपरा मोकळा केला.